खोराट्यांच्या दारचा फणस

वैजयंता खोराटे पंचायत समितीवर निवडून आली ती झाडं वाचवण्याच्या नावावर, आणि तिचं पोट चालायचं लाकडावर. यातली गंमत विरोधकांच्या आधी तिच्याच लक्षात आली होती, म्हणून प्रचाराच्या पहिल्याच सभेत तिने ती सांगून टाकली. ती म्हणाली, मी लाकूडवाली आहे, पण जिवंत झाडाला मी करवत लावलेली नाही आणि लावणारही नाही. माझं जंगल आधीच मेलेलं आहे आणि ते मरताना आपण सगळ्यांनी काठावर उभं राहून बघितलंय. लोक हसले, पण तिच्या हिरव्या पॅनेलच्या पाच जागा आल्या.

ते जंगल कुसरी धरणाच्या पोटात होतं. अडतीस वर्षांपूर्वी पाणी अडलं तेव्हा आंबिवरे गाव आणि भोवतीचे तीन उतार झाडांसकट बुडाले. वैजयंता तेव्हा आठ वर्षांची होती. गाव उठून माळावरच्या वसाहतीत आलं. तिथे रस्ते सरळ होते, प्लॉटना नंबर होते आणि सावली म्हणून कुठे नव्हती. आंबिवऱ्यात रीत अशी की नवी नवरी दारच्या झाडाला आधी हात लावते आणि मग उंबरा ओलांडते, आणि सासरी निघालेली लेक त्याच झाडाला हात लावून निघते. वसाहतीत झाडंच नव्हती, तेव्हा पहिली काही वर्षं नवऱ्या विजेच्या खांबाला हात लावून घरात आल्या. वैजयंता सासरी निघाली तेव्हा तिने खांबाला हात लावायला साफ नकार दिला आणि तशीच गाडीत बसली. संसार चार वर्षांत आटोपला. नवरा वाईट नव्हता, त्याला पुणं सोडवत नव्हतं आणि हिला डोंगर. ती परत आली, आईजवळ राहिली, आणि लाकडाच्या धंद्यात शिरली.

खोल पाण्यात प्राणवायू उरत नाही. प्राणवायू नाही म्हणजे बुरशी नाही, वाळवी नाही, भुंगा नाही. लाकूड खाणाऱ्या सगळ्या जिवांना श्वास लागतो, लाकडाला लागत नाही. त्यामुळे पंचवीस-तीस मीटरखाली ऐन, किंजळ, नाणा, जांभूळ इतकी वर्षं उभेच्या उभे होते, पानं गेलेली पण खोडं शाबूत. असं झाड वर काढून सावकाश वाळवायचं, कारण घाई केली की ते तडकतं. मग त्याच्या फळ्या एक थर उभा, एक आडवा अशा चिकटवून वीतभर जाडीच्या भिंती करायच्या. त्या भिंतींवर सिमेंटशिवाय तीन मजले उभे राहतात, आणि झाडाने हवेतून ओढलेला कार्बन घरातच अडकून राहतो. वैजयंताच्या कारखान्याने तालुक्यातल्या नऊ शाळा आणि एक एस.टी. स्टँड असे बांधले होते.

अडचण होती ती खाली जाऊन कापायची. तळाशी गाळ इतका की दिवा लावला तर घाटातल्या धुक्यात गाडीचा दिवा लावल्यासारखी समोर नुसती पांढरी भिंत दिसे. म्हणून काही इंजिनिअरांनी डोळ्यांचा नादच सोडला आणि हाताने बघणारं यंत्र तयार केलं. सहा पाय, एक करवत आणि एक पंजा. लोकांनी त्याचं नाव खेकडा ठेवलं आणि कंपनीने दिलेलं नाव सगळे विसरले. पंजाला एक कृत्रिम कातडी होती. ती ज्याला टेकेल त्याचा खडबडीतपणा, मऊपणा, गारवा मोजायची. वर होडीत चालकाच्या हातात मोजा असायचा. त्याच्या आतून मोहरीएवढे चौदाशे फुगे होते आणि ते खालच्या स्पर्शाप्रमाणे क्षणात फुगायचे, क्षणात बसायचे. खेकड्याने खाली ऐनाच्या खोडावर पंजा ठेवला की वर अस्लम नदाफच्या तळव्याला मगरीच्या पाठीसारखी चौकोनी साल लागे. अस्लम पूर्वी क्रेन चालवायचा, वय पंचेचाळीस, बोलणं बेताचं. झाडाची जात तो डोळे मिटून सांगायचा आणि त्याचं सहसा चुकत नसे.

यंत्र लाकडासाठी आणलं होतं. पण पाण्याखाली नुसतं जंगल नव्हतं, गावही होतं, हे कंपनीच्या माणसांना कुठून माहीत असणार?

पहिल्याच उन्हाळ्यात वसाहतीतल्या अनुबाई होडीपाशी येऊन उभ्या राहिल्या. त्यांना त्यांच्या अंगणातल्या तुळशीला हात लावायचा होता. वैजयंताला नाही म्हणवलं नाही. जुन्या नकाशावरून अस्लमने वृंदावन शोधून काढलं, मोजा अनुबाईंच्या हातात चढवला, आणि म्हातारीचा चेहरा एकदम उजळला. दुसऱ्या दिवशी धक्क्यावर रांग लागली. कुणाला उंबरा हवा होता, कुणाला जातं, कुणाला गोठ्यातली दावण. वैजयंताने आठ दिवस लाकडाचं काम बंद ठेवून लोकांना गाव हाताळू दिलं. इतकी खूश ती पुढे निवडून आल्यावरही नव्हती.

नवव्या दिवशी अनुबाई पुन्हा आल्या. या खेपेला त्यांनी वृंदावनाची कड जरा जोरात धरली आणि ती त्यांच्या हातात विरघळली. माती होती ती, हललेली नव्हती म्हणून टिकली होती. सगळं वृंदावन बोटांमधून निसटून गेल्याचं त्या चौदाशे फुग्यांनी अनुबाईंना इमानेइतबारे कळवलं. मोजा काढल्यावर त्या कितीतरी वेळ आपल्या कोरड्या तळहाताकडे बघत राहिल्या. त्यानंतर वैजयंताने आधी हात लावलेल्या सगळ्या जागा तपासायला लावल्या. जिथे जिथे पंजा टेकला होता तिथे भिंती ढासळल्या होत्या, झाडांच्या साली सोलून निघाल्या होत्या. गाव एकोणतीस वर्षं पाण्याने सांभाळलं होतं आणि माणसांनी ते आठ दिवसांत झिजवायला घेतलं होतं.

जलाशयाचे परवाने काठच्या पाच गावांची समिती द्यायची आणि वैजयंता तिची अध्यक्ष होती. तिने ठराव मांडला. गावठाणाच्या हद्दीत खेकड्याने शिरायचं नाही, कापायला नाही आणि हात लावायलाही नाही. जो शिरेल त्याचा परवाना कायमचा रद्द, आणि तो समितीवर असेल तर तिथलीही जागा रिकामी. शेवटचं कलम तिने स्वतःहून घातलं. लोक चिडले, रडले, पण अनुबाई उठून म्हणाल्या की पोरीचं बरोबर आहे, आणि ठराव झाला.

ठराव करणं सोपं होतं. दत्तूतात्या हरेरांना नाही म्हणणं सोपं नव्हतं. तात्या पंच्याऐंशीचे, अंथरुणाला खिळलेले. त्यांना एकदा आपल्या घराच्या उंबऱ्याला हात लावायचा होता. त्यांचा मुलगा निवृत्ती दुसऱ्या पॅनेलचा, वैजयंताशी त्याचं कधीच जमलेलं नव्हतं, तरी बापासाठी तो तिच्या कारखान्यात तीनदा आला. तिसऱ्यांदा त्याने हात जोडले. तिने समजावून सांगितलं, स्वतःही रडली, पण नाहीच म्हणाली. तात्या दिवाळीच्या आधी गेले. निवृत्तीने तिच्याशी बोलणं टाकलं. समोरून आला तर रस्ता ओलांडून जायचा.

आणि मग वैजयंताच्या आईने मागितलं.

हौसाबाईंनी आयुष्यात लेकीकडे काही मागितलं नव्हतं. काचबिंदूने दोन्ही डोळे गेलेले, हृदयाच्या डॉक्टरांनी आता फार दगदग नको म्हणून सांगितलेलं. एका सकाळी चहा पिता पिता त्या सहज म्हणाल्या, "वैजू, आपला फणस हाय का गं अजून?"

होता. वैजयंताला तो कुठे आहे ते पक्कं माहीत होतं. ध्वनिलहरींच्या नकाशावर गावठाणातलं प्रत्येक मोठं झाड ठिपक्याने दाखवलं होतं, आणि हद्दीच्या आत, हनुमंताच्या देवळापासून तिसरा ठिपका खोराट्यांच्या दारचा फणस होता. नऊ वर्षं ती रोज कामाच्या आधी पडद्यावर तो ठिपका बघायची. कधी कधी खेकडा हद्दीच्या अगदी जवळ काम करत असला की तिचा हात नकळत मोज्याकडे जायचा आणि ती तो परत घ्यायची. बाप त्या फणसाला झोपाळा बांधायचा एवढंच तिला धड आठवत होतं. खोडाला हात लावल्यावर कसं वाटायचं ते आठवत नव्हतं, आणि ते आठवत नाही याचं दुःख तिला बाप गेल्याच्या दुःखाइतकंच जुनं होतं.

"हाय," ती म्हणाली.

हौसाबाई सतराव्या वर्षी त्या घरात आल्या होत्या. सासू कडक, नवरा अबोल, माहेर दोन डोंगरांपलीकडे. रडू आलं की त्या फणसाला पाठ टेकून उभ्या राहायच्या, कारण तो एकटा त्यांना काय झालं म्हणून विचारत नसे. हे त्यांनी लेकीला आजवर सांगितलं नव्हतं. ते सांगून झाल्यावर त्यांनी कप खाली ठेवला आणि म्हणाल्या, "एकडाव हात लावला असता. पर ठराव तुझाच. ऱ्हाऊ दे."

राहू दे म्हणून आईने विषय मिटवला आणि वैजयंताचा जीव त्यात अडकला. चार दिवस तिचं कशात लक्ष लागेना. भिंतीच्या फळ्या तिने उलट्या लावायला सांगितल्या, समितीच्या कागदावर चुकीच्या जागी सही केली. नियम मोडला तर तात्यांच्या मेलेल्या तोंडाला ती काय सांगणार होती? आणि न मोडावा तर आई किती दिवसांची?

पाचव्या दिवशी अस्लमने तोडायच्या झाडांची यादी वाचून दाखवली. त्यात टेंभ्याच्या उतारावर, हद्दीबाहेर सातशे मीटरवर, एक रानफणस होता. वैजयंताने यादी त्याच्या हातातून घेतली आणि ते नाव दोनदा वाचलं. मग तिने त्याला मनातलं सांगितलं. अस्लमने मान खाली घातली. तो म्हणाला, "ताई, म्हातारीला कळलं तर?" ती म्हणाली, कळणार नाही, फणसाची साल फणसासारखीच लागते. अस्लमने एवढंच विचारलं की तुम्हाला तर कळेल ना? त्यावर तिने यादीतल्या रानफणसापुढे खूण केली.

शनिवारी सकाळी दहाला त्यांनी हौसाबाईंना खुर्चीसकट होडीत बसवलं. पाणी शांत होतं. दिशा कळू नये म्हणून अस्लमने होडी एकदा गोल फिरवून घेतली, आणि त्या गोल फिरण्याने वैजयंताला आपण आईला आंधळी कोशिंबीर खेळायला लावतोय असं वाटून लाज वाटली. खेकडा खाली गेला. मोजा हौसाबाईंच्या सुरकुतलेल्या हाताला सैल झाला म्हणून अस्लमने मनगटाला रुमाल गुंडाळला. मग त्याने पंजा रानफणसाच्या खोडावर टेकवला.

हौसाबाई आधी दचकल्या. गार लागलं असावं. मग त्यांची बोटं हळूहळू पसरली, थांबली, वर सरकली. "ह्यो," त्या म्हणाल्या. "ह्योच." त्यांनी एक गाठ चाचपली आणि सांगितलं की हितं खालच्या अंगाला पहिला फणस धरायचा, पोरांच्या हाताला येणारा. थोडं डावीकडे जाऊन त्या हसल्या. हितं खाच पडली, झोपाळ्याच्या दोराची, तुझ्या बाला कितीदा सांगितलं गोणपाट घाल मधी म्हणून. पंजाला लागलेली साल पडद्यावर उमटत होती, तिकडे वैजयंताने बघितलं. खाच कुठेच नव्हती. एक साधी गाठ होती, कुठल्याही झाडाला असते तशी. हौसाबाईंनी खोडावर तळहात पुरा टेकवला आणि तसाच ठेवला, अर्धा तास. त्यांच्या हाताखाली साल सुटून जात होती ते अस्लमला पडद्यावर दिसत होतं.

घरी आल्यावर वैजयंताने आईला बजावलं की कुणाकडे बोलायचं नाही. हौसाबाईंनी मान डोलावली आणि दोन दिवस ते पाळलंही. पण एवढा मोठा आनंद म्हातारीच्या पोटात किती दिवस मावणार? तिसऱ्या दिवशी त्यांनी शेजारच्या अनुबाईंच्या कानात सांगितलं, आणि संध्याकाळपर्यंत ते वसाहतीच्या शेवटच्या प्लॉटवर पोचलं.

निवृत्ती हरेरने समितीची खुली सभा मागितली. सभा वसाहतीच्या शाळेत भरली. माणसं व्हरांड्यापर्यंत दाटली होती. हौसाबाई पुढच्या रांगेत बसल्या होत्या. आपण काय करून बसलो ते त्यांना कळलं होतं आणि त्या पदराचं टोक बोटाला गुंडाळत होत्या, सोडत होत्या.

निवृत्ती आवाज न चढवता बोलला, त्यामुळे ते जास्त लागलं. तो म्हणाला, माझ्या बापाला उंबरा पायजे होता. मी हिच्यापुढं हात जोडले. ही रडली, आणि मला वाटलं, ही खरंच रडतीय. "माझ्या बापाला न्हाई, आणि तुमच्या आईला व्हय. असं कसं, ताई?"

वैजयंताच्या डोक्यात त्या क्षणी दुसरंच आलं. तात्यांनाही असाच कुठलातरी दगड हाताला देता आला असता. हद्दीबाहेर दगड काय कमी होते? तात्या शांतपणे गेले असते आणि नियमही राहिला असता. तेव्हा हे तिला सुचलंच नव्हतं, कारण तात्या तिचे कुणी नव्हते. निवृत्ती म्हणत होता तो गुन्हा तिने केला नव्हता, पण हा दुसरा तिने केला होता, आणि तो तिच्याखेरीज कुणालाच माहीत नव्हता.

निवृत्ती म्हणाला की खेकडा कुठं जातो त्याची मिनिटामिनिटाची नोंद असते, ती सगळ्यांसमोर भिंतीवर लावा. मागे उभा असलेला अस्लम पुढे सरकला. नोंद त्याच्याजवळच होती. ती लागली असती तर वैजयंता खोराटे नियमाला किती पक्की आहे ते पाच गावांनी बघितलं असतं. टेंभ्याचा उतार, हद्दीबाहेर सातशे मीटर, रानफणस. आणि पुढच्या रांगेतल्या म्हातारीने ते ऐकलं असतं.

अस्लम म्हणाला, "मी सांगतो काय झालं ते."

वैजयंताने हात वर करून त्याला थांबवलं. ती उठली. "नोंद लावायची गरज नाही," ती म्हणाली. "मी नेलं होतं. आईला आमच्या फणसाला हात लावायचा होता. मी नियम मोडला."

कुणी ओरडलं नाही. ओरडले असते तर तिला बरं वाटलं असतं. तिने पुढचं पटापट सांगितलं. कलम माझंच आहे, तेव्हा माझा परवाना आजपासून गेला आणि जागाही गेली. खेकडा मासेमारांच्या भोई सोसायटीला द्यावा, अस्लम आणि कारखान्यातली अकरा माणसं त्यांच्याबरोबर काम करतील. ठराव मात्र आहे तसा ठेवा, माझ्या चुकीपायी गावाला हात लागायला नको. मतं पडली. ठराव टिकला. निवृत्ती बाहेर जाताना तिच्यापाशी क्षणभर थांबला आणि निघून गेला. तो आयुष्यभर तिला खोटी समजणार होता, आणि तिला ते आयुष्यभर चालवून घ्यायचं होतं.

ती आईचा हात धरून घरी निघाली. डावीकडे जलाशय पसरला होता. तिकडे आता होडी तिची नव्हती, मोजा तिचा नव्हता. हनुमंताच्या देवळापासून तिसऱ्या ठिपक्यावर तिचा फणस उभा होता, साल शाबूत असलेला, आणि तिचा हात या जन्मी त्याला लागणार नव्हता. इतकी वर्षं निदान मोजा शेजारी असायचा. ती मनातून रडली आणि चालत राहिली.

"माझ्यापायी सगळं गेलं तुझं," हौसाबाई म्हणाल्या. "माझ्या जिभेला हाड न्हाई."

"काय गेलं न्हाई आई."

थोडं पुढे गेल्यावर हौसाबाईंनी विचारलं, "तू लावलास का गं हात? मी मोजा काढल्यावर?"

वैजयंता थांबली. "न्हाई," ती म्हणाली. "ऱ्हाऊनच गेलं."

"अगं वेडे." म्हातारी रस्त्यातच उभी राहिली. तिने लेकीचा तळहात उलटा करून आपल्या हातात घेतला आणि त्यावर बोट फिरवायला लागली. हितं बघ खरबरीत, वाळल्या भाकरीगत. हितं गाठ, पहिल्या फणसाची. आणि हितं, असं तिरकं, तुझ्या बाच्या दोरानं पडलेली खाच. बोट जाईल एवढी खोल. कळतंय का?

त्या परक्या झाडाला खाच नव्हती, वैजयंताने स्वतःच्या डोळ्यांनी बघितलं होतं. म्हणजे खाच आईच्या बोटांत होती, खरी, त्यांच्या दारच्या फणसाची. तिने डोळे मिटले आणि हात आणखी उघडला.

"कळतंय," ती म्हणाली. "परत एकदा दाव."